खेळ विकला, दुरुस्ती कुलपात

सोनीचा जुना पीएसपी किंवा निन्टेन्डोचा थ्रीडीएस अशा हातात धरून खेळायच्या यंत्रात गेमचं अपडेट कसं टाकायचं, असं कुणी विचारलं की उत्तर आधीच तयार असतं. पंधरा वर्षांपूर्वीचं खेळणं आहे ते, भंगारात घाला आणि चांगला मोबाइल घ्या. कंपनीनं गेम विकला, पैसे घेतले, व्यवहार संपला. पुढची अपडेटं ही तिची मेहेरबानी होती, तिनं केली तेवढी केली, आता काय जन्मभर सर्व्हर चालवायचे? आणि कंपनीकडून मिळत नाही म्हणून दुसरीकडून फाइल आणून टाकणं म्हणजे सरळ चोरी. जालन्यासारख्या जिल्ह्यात, जिथे उन्हाळा लागला की गावोगावी टँकरची वाट पाहावी लागते, तिथे असल्या चैनीवर वाद घालायला लोकांना वेळ मिळतो तरी कसा, हे शेपूटही त्याला जोडलेलं असतंच. हे मत इतकं रुळलंय की त्यातल्या कुठल्याही वाक्याचा पुरावा मागावा असं कुणाला वाटत नाही. ते चुकीचं तर आहेच, पण त्याहून वाईट म्हणजे पैसे मोजून घेतलेल्या वस्तूवरचा हक्क आपण होऊन सोडून द्यायला ते शिकवतं.

मेहेरबानीचं आधी पाहू. पोकेमॉन एक्स आणि पोकेमॉन वाय हे थ्रीडीएसचे दोन गेम 12 ऑक्टोबर 2013 रोजी बाजारात आले. त्यांत लुमिओस नावाचं एक मोठं शहर आहे. त्या शहराच्या काही भागांत खेळ सेव्ह करून यंत्र बंद केलं, तर पुढच्या वेळी गेम उघडताना गोठून जायचा. कित्येक तास घालवून जमवलेलं सगळं तिथेच अडकायचं. निन्टेन्डोनं हा दोष मान्य केला आणि त्याच महिन्यात दुरुस्तीचं अपडेट दिलं. आता हे अपडेट नेमकं कुठे जातं ते बघा. कार्ट्रिजवरचा प्रोग्रॅम बदलता येत नाही. अपडेट एसडी कार्डावर जाऊन बसतं आणि गेम सुरू होताना चुकीच्या भागाऐवजी दुरुस्त भाग वाचला जातो. म्हणजे 2013 साली विकलेलं ते कार्ट्रिज आजही जसंच्या तसं सदोष आहे आणि कार्ट्रिज असेतोवर सदोषच राहणार आहे. ते आज जुन्या बाजारातून कुणी विकत घेतलं, तर त्याच्या हातात दोष येतो. त्याची दुरुस्ती मात्र कंपनीच्या सर्व्हरवर असते. अशा वेळी अपडेटला मेहेरबानी कसं म्हणायचं? सदोष माल विकल्यावर तो नीट करून देणं हे विक्रेत्याचं कामच आहे, आणि त्या कामाची किंमत गिऱ्हाइकानं पहिल्याच दिवशी मोजलेली आहे. पूर्ण वस्तू म्हणजे कार्ट्रिज अधिक दुरुस्ती. त्यातला अर्धा भाग कुलपात ठेवून बाकी अर्ध्याची पावती दाखवायची आणि व्यवहार पूर्ण झाला म्हणायचं, हे कुठल्या बाजारात चालतं?

सर्व्हर जन्मभर चालवायचे का, हा प्रश्न फार शहाणपणाचा म्हणून विचारला जातो. त्याचं उत्तर सोपं आहे: तशी मागणी कुणी केलेलीच नाही. मागणी फाइलची आहे. सर्व्हर म्हणजे रोजचा खर्च, रोजची देखभाल, हे कबूल. पण दुरुस्तीची फाइल ही एकदा तयार झालेली, संपलेली वस्तू असते. ती एकदा सगळ्यांना मोकळेपणानं उतरवून घेऊ दिली आणि जवळ ठेवायची परवानगी दिली, की कंपनीचा पुढचा खर्च शून्य. गेल्या काही वर्षांत काय घडलं ते नीट पाहिलं, तर ही मागणी किती साधी आणि किती निकडीची आहे ते कळतं. निन्टेन्डोनं डीएसआय या आपल्या आधीच्या यंत्राचं ऑनलाइन दुकान 31 मार्च 2017 रोजी बंद केलं. सोनीनं मार्च 2021 मध्ये जाहीर केलं की पीएस थ्री, पीएसपी आणि व्हिटा या तिन्हींची दुकानं बंद होणार. गिऱ्हाइकांनी आरडाओरडा केल्यावर एप्रिलमध्ये पीएस थ्री आणि व्हिटापुरता निर्णय मागे घेतला, पण पीएसपीवरची खरेदी 2 जुलै 2021 रोजी बंद झालीच. थ्रीडीएसचं दुकान 27 मार्च 2023 रोजी बंद झालं, एप्रिल 2024 मध्ये त्याची ऑनलाइन सेवाही थांबली. अपडेटं उतरवून घेण्याची सोय तेव्हा चालू ठेवली, पण ती नजीकच्या भविष्यापुरती, आणि त्या भविष्याला तारीख नाही. सोय आहे ना, मग तक्रार कसली, असं विचारणाऱ्यांनी सांगावं की जी सोय कुठल्याही सकाळी काढून घेता येते आणि काढून घेतल्यावर जिची दाद कुठे मागता येत नाही, तिच्यावर विसंबून राहणं याला सोय म्हणायचं की लाचारी?

शिवाय फाइल मोकळी देता येते, हे कुणी बाहेरच्यानं सिद्ध करायची गरजच नाही. सोनीनंच ते वीस वर्षांपूर्वी करून दाखवलंय. पीएसपी डिसेंबर 2004 मध्ये जपानात आला. त्याचे गेम यूएमडी नावाच्या छोट्या डिस्कवर यायचे आणि एखाद्या नव्या गेमला यंत्राचं नवं सॉफ्टवेअर लागत असेल, तर ते त्याच डिस्कवर दिलेलं असायचं. डिस्क घातली, मेन्यूत अपडेट निवडलं, काम झालं. जालना जिल्ह्यातल्या मंठा किंवा घनसावंगी तालुक्यातल्या एखाद्या गावात, जिथे तेव्हा इंटरनेटसाठी तालुक्याच्या सायबर कॅफेत जावं लागे, तिथला मुलगाही आपलं यंत्र घरबसल्या अद्ययावत करू शकत होता. दुसरी वाटही होती. कॅफेतल्या संगणकावर फाइल उतरवायची, मेमरी स्टिकवर पीएसपी, त्यात गेम, त्यात अपडेट अशा फोल्डरांत ईबूट नावाची ती फाइल ठेवायची, स्टिक यंत्रात घालायची आणि मेन्यूतून सुरू करायची. कुठलंही खातं नको, पासवर्ड नको, कंपनीची परवानगी नको. पीएसपीचं शेवटचं अधिकृत सॉफ्टवेअर, 6.61, हे 2015 चं आहे आणि ते आजही याच पद्धतीनं टाकता येतं. पुढच्या पिढीच्या यंत्रांत गेमची दुरुस्ती सर्व्हरच्या दारातूनच घ्यावी लागेल अशी व्यवस्था झाली. तंत्र पुढे गेलं आणि गिऱ्हाईक मागे ढकललं गेलं. हे आपोआप झालेलं नाही, कुणीतरी ठरवून केलेलं आहे, आणि जे ठरवून केलं ते ठरवून बदलताही येतं.

आणि सर्व्हर चालू आहे तोवर अडचण नाही, हेही खरं नाही. पीएसपीचं वायफाय जुन्या डब्ल्यूईपी आणि डब्ल्यूपीए पद्धतीचं आहे. आजच्या राउटरवर सर्रास असलेली डब्ल्यूपीए टू सुरक्षा त्याला समजत नाही. त्याला इंटरनेटशी जोडायचं, तर घरातल्या सगळ्या मोबाइलांच्या वायफायची सुरक्षा खाली आणून राउटर जुन्या पद्धतीवर ठेवावा लागतो. शहाणा माणूस हे करणार नाही, आणि करूही नये. दुसरी गोष्ट बॅटरीची. अपडेट सुरू करायला पीएसपी दोन अटी घालतो: बॅटरी पुरेशी चार्ज असली पाहिजे आणि चार्जरही लावलेला असला पाहिजे. मधेच वीज गेली तर यंत्र डेड होऊ नये म्हणून ही काळजी आहे आणि ती योग्यच आहे. पण इतक्या वर्षांत या बॅटऱ्या फुगतात, मागचं झाकण उचलून धरतात, चार्ज पकडत नाहीत. नुसत्या चार्जरवर गेम चालतो, अपडेट मात्र होत नाही. म्हणजे जुन्या यंत्राला अद्ययावत ठेवायला कंपनीचा सर्व्हर पुरत नाही. त्याला सुटी बॅटरी लागते, जोडणीशिवाय टाकता येणारी फाइल लागते आणि दोन्ही नीट बसवून देणारा कारागीर लागतो. मोबाइलला सॉफ्टवेअर मारून देणारी दुकानं आज तालुक्यातालुक्याला आहेत. सेट डेड झाला की तिथे नेतो, फाइल कुठून आणली हे विचारत नाही, चालू झाला की पैसे देऊन घरी येतो. तेच काम खेळाच्या यंत्रावर झालं की ते चोरी कसं होतं?

चोरीचा आरोप गंभीर आहे, तेव्हा तो कायद्याच्याच कागदावर तपासू. पूर्ण गेम फुकट उतरवून खेळणाऱ्यांची वकिली इथे चाललेली नाही; तो वेगळा विषय आणि तिथे माझं मत कंपनीच्या बाजूचंच आहे. इथे प्रश्न आहे तो विकत घेतलेल्या गेमच्या दुरुस्तीचा. ही दुरुस्ती कंपनीनं कधी विकलेलीच नाही, ती पहिल्यापासून फुकट होती, आणि मूळ गेम नसेल तर तिचा काडीचाही उपयोग नाही. ती दुसऱ्याकडून घेतल्यानं कंपनीचा कोणता रुपया बुडतो? आपल्या 1957 च्या कॉपीराइट कायद्याचं कलम 52 सांगतं की संगणक प्रोग्रॅमची प्रत ज्याच्याकडे कायदेशीरपणे आहे, त्यानं ज्या कामासाठी तो प्रोग्रॅम दिला गेला त्या कामाकरता तो वापरता यावा म्हणून प्रत काढली किंवा त्यात फेरफार केले, तर तो कॉपीराइटचा भंग होत नाही. नासधूस होईल या भीतीनं राखीव प्रत ठेवली, तरी होत नाही. त्याच कलमात पुढे स्वतःच्या कायदेशीर प्रतीवरून बिगरव्यापारी, वैयक्तिक वापरासाठी प्रती आणि फेरफार करण्याचीही मोकळीक आहे. 2012 साली घातलेलं कलम 65अ डिजिटल कुलूप तोडण्याला शिक्षा सांगतं, पण हक्कभंगाच्या हेतूनं तोडलं तरच. हेतूचे हे शब्द कलमातच आहेत. दुसऱ्याच्या सर्व्हरवरून आणलेल्या दुरुस्तीचा या कलमांत नाव घेऊन उल्लेख नाही, हे मान्य. पण कायद्याचं तोंड कुठल्या दिशेला आहे ते स्वच्छ दिसतं: ज्यानं वस्तू रीतसर घेतली, त्याला ती वापरता आली पाहिजे. आपल्याच संसदेनं जे मान्य केलंय, त्याला चोरी म्हणण्याची घाई आपण कुणासाठी करतो आहोत?

आणि जालन्यात तर हा मुद्दा समजावून सांगायची वेळच येऊ नये. बद्रीनारायण बारवाले यांनी 1964 साली महिको ही बियाण्यांची कंपनी इथेच उभी केली, त्यांना 1998 चा जागतिक अन्न पुरस्कार मिळाला, आणि बियाण्यांचा जिल्हा म्हणून जालन्याची ओळख देशभर झाली. नव्या वाणावर हक्क कुणाचा, संशोधन करणाऱ्या कंपनीचा की पेरणाऱ्या शेतकऱ्याचा, हा वाद इथल्या लोकांना तोंडपाठ आहे. त्यावर 2001 साली झालेल्या पीक वाण संरक्षण आणि शेतकरी हक्क कायद्यानं कंपनीचा हक्क मानला, पण कलम 39 मध्ये लिहून ठेवलं की संरक्षित वाणाचंही बियाणं शेतकरी राखून ठेवू शकतो, पुन्हा पेरू शकतो, शेजाऱ्याला देऊ शकतो, विकूही शकतो. फक्त ब्रँडचं नाव लावून विकायचं नाही. खर्च करून वाण तयार करणाऱ्याचा मान राहिला आणि पेरणाऱ्याचाही हात बांधला गेला नाही. जुन्या गेमच्या दुरुस्तीसाठी मागणी याहून फार कमी आहे. विकायचा हक्क कुणी मागत नाही. राखून ठेवायचा, वापरायचा आणि ज्याच्याकडे तोच गेम आहे त्याला द्यायचा, एवढाच हक्क हवा आहे. जे तत्त्व पोटाच्या प्रश्नात आपण न्याय्य मानलं, ते करमणुकीच्या प्रश्नात एकाएकी गुन्हा कसं ठरतं?

बाहेरची फाइल टाकली की व्हायरस येईल, यंत्र बिघडेल, असा एक धाक घातला जातो. त्यात तथ्य आहे ते एवढंच की अपडेट चालू असताना यंत्र बंद करू नये. बाकी फाइल खरी की खोटी हे यंत्र स्वतःच ओळखतं. अधिकृत अपडेटवर कंपनीची डिजिटल सही असते. एक अक्षर जरी बदललं तरी सही जुळत नाही आणि मूळ स्थितीतलं यंत्र ती फाइल नाकारतं. फाइल मित्राच्या पेनड्राइव्हवरून आली की सोनीच्या सर्व्हरवरून, यानं काही फरक पडत नाही. सही तपासायची व्यवस्थाच ज्यात बदलून टाकली आहे अशा यंत्रात ही खात्री राहत नाही, हे खरं. पण लोक त्या वाटेला बऱ्याचदा जातात ते सरळ वाट बंद केल्यामुळे. कंपनीनं शेवटच्या अपडेटची फाइल आणि ती पडताळून पाहायचा आकडा जाहीर केला, तर हा धोका त्याच दिवशी बहुतांशी संपेल. धोका दाखवून वाट अडवायची आणि वाट अडवल्यामुळे वाढलेला धोका पुन्हा पुरावा म्हणून पुढे करायचा, हे बरोबर नाही.

मग येतो तो सगळ्यांत आवडता सवाल: हे जुने गेम खेळतं कोण? अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशननं 2023 साली एक पाहणी प्रसिद्ध केली. अमेरिकेत 2010 पूर्वी निघालेल्या गेमांपैकी 87 टक्के आज बाजारात रीतसर मिळतच नाहीत. गेम बॉय मालिकेतल्या गेमांचं उपलब्ध प्रमाण तर सहा टक्क्यांच्याही आत, 5.87 टक्के. जे विकतच मिळत नाही ते लोक खेळत नाहीत, हा कुठला निष्कर्ष? आणि हा काही परक्यांचाच वारसा नाही. पीएसपीसाठी भारतात गेम तयार झाले: मुंबईच्या ट्राइन गेम्सचा स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स, गेमशास्त्रचा आपल्या पारंपरिक खेळांवरचा देसी अड्डा. आपल्या मुलांनी बनवलेलं, आपल्या मुलांसाठी बनवलेलं हे काम आज कुठे जपून ठेवलंय? 1954 च्या कायद्यानं छापलेलं प्रत्येक पुस्तक कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयासह चार ग्रंथालयांत जमा करावं लागतं. पुस्तकाची दुसरी, सुधारलेली आवृत्ती निघाली तर तिचं मोल ग्रंथपालाला कळतं. गेमच्या पहिल्या आवृत्तीलाही असा आसरा नाही, मग सुधारलेल्या आवृत्तीचं काय बोलायचं? सरकारच्या लेखी या यंत्रांची नोंद एका ठिकाणी मात्र सापडते. 2022 च्या ई-कचरा नियमांच्या यादीत हातात धरून खेळायच्या व्हिडिओ गेम कन्सोलचा उल्लेख आहे. कचरा म्हणून ते कायद्याला दिसतं, दुरुस्त होऊ शकणारी वस्तू म्हणून दिसत नाही. यंत्र धडधाकट आहे, फक्त त्याची फाइल मिळत नाही, म्हणून ते कचऱ्यात जाणार असेल, तर तो कचरा गिऱ्हाइकानं केला की कंपनीनं?

आता चैनीचा मुद्दा. तो मला सगळ्यांत जास्त लागतो, कारण तो गरिबाच्या नावानं बोलतो आणि त्याच्याच हातातली वस्तू काढून घेतो. पीएस फाइव्ह 2021 मध्ये भारतात आला तो 49,990 रुपयांना. ज्याच्याकडे एवढे पैसे आहेत त्याला जुन्या यंत्राच्या अपडेटशी काही देणंघेणं नाही. जुनं, दुसऱ्या हातचं यंत्र घेतो तो स्टीलच्या कारखान्यात पाळी करणारा बाप, वर्षाकाठी एकदाच मुलाला काही घेऊन देऊ शकणारी आई. त्यांच्या वस्तूचं आयुष्य वाढवण्याचा प्रश्न चैनीचा आणि दर दोन वर्षांनी नवा मोबाइल घेण्याचा सल्ला मात्र काटकसरीचा, हे गणित मांडणाऱ्यानं एकदा कागदावर करून पाहावं. टँकरचा दाखला देणाऱ्यांनीही सांगावं की जुन्या गेमची फाइल कुलपात राहिल्यानं कुठल्या गावाला पाणी मिळालं. मोबाइलवर गेम फुकट असतात हे खरं. पण त्यांत दर दोन मिनिटांनी जाहिरात असते, पुढच्या पायरीसाठी पैसे मागणारी खिडकी असते. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमनी एवढी घरं पोळली की संसदेला ऑगस्ट 2025 मध्ये त्यांच्यावर बंदी घालणारा कायदा करावा लागला. त्याच पालकांच्या घरात एक यंत्र आहे, जे एकदा विकत घेतल्यावर पुन्हा पैसा मागत नाही, डेटा खात नाही, मुलाची माहिती कुणाला पुरवत नाही. तेच नेमकं भंगारात घालायला सांगणं ही मुलांची काळजी आहे का?

जगात हे ओळखून पावलं पडताहेत. युबिसॉफ्टनं द क्रू या गेमचे सर्व्हर 31 मार्च 2024 रोजी बंद केले आणि पैसे देऊन घेतलेला गेम रातोरात निकामी झाला. त्यावर युरोपात उभ्या राहिलेल्या मोहिमेला जुलै 2025 पर्यंत दहा लाखांहून जास्त नागरिकांच्या सह्या मिळाल्या. कॅलिफोर्नियात 1 जानेवारी 2025 पासून डिजिटल वस्तू विकताना ती मालकीची नसून परवान्याची आहे हे गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगावं लागतं. आपल्याकडे ग्राहक व्यवहार विभागानं जुलै 2022 मध्ये दुरुस्तीच्या हक्कासाठी समिती नेमली आणि त्याच वर्षी 24 डिसेंबरला, राष्ट्रीय ग्राहक दिनी, त्यासाठीचं पोर्टल सुरू झालं. त्यात शेती अवजारं, मोबाइल आणि टॅब्लेट, घरगुती टिकाऊ वस्तू आणि वाहनं अशी चार क्षेत्रं घेतली आहेत. खेळाची यंत्रं त्यांत नावानिशी घालावीत. कंपनी एखाद्या यंत्राची सेवा थांबवते त्या दिवशी त्याचं शेवटचं सॉफ्टवेअर आणि त्यावरच्या प्रत्येक गेमचं शेवटचं अपडेट मोकळं उतरवून घेता आलं पाहिजे, खात्याशिवाय आणि इंटरनेटशिवाय टाकता आलं पाहिजे, आणि त्याची एक प्रत राष्ट्रीय ग्रंथालयात जमा झाली पाहिजे. ती फाइल जवळ ठेवणाऱ्याला, दुसऱ्याला देणाऱ्याला आणि भोकरदन किंवा परतूरच्या दुकानात बसून ती टाकून देणाऱ्या कारागिराला चोर म्हणायचा अधिकार, ज्यानं तो गेम सदोष विकला त्याला असूच शकत नाही.